लसूणघासात अमरवेल: ओढून काढली तरी परत येते

प्रश्न: लसूणघासाच्या (जनावरांच्या चाऱ्याचं पीक) वाफ्यात पिवळ्या दोऱ्यांची जाळी पसरलीय. मूळ कुठे सापडत नाही. मग जगते कशावर, आणि काढायची कशी?

उत्तर १ (‘बांधावरून’): ही अमरवेल, दुसऱ्या झाडावर जगणारी. मूळ शोधू नका. बी उगवल्यावर आधार सापडेपर्यंतच तात्पुरतं मूळ असतं, नंतर ते वाळतं. आठ-दहा दिवसांत यजमान (ज्यावर जगायचं ते झाड) मिळाला नाही तर रोप मरतं. मिळाला की विळखा घालून शोषकमुळं देठात घुसवते. पाणी आणि तयार अन्न दोन्ही तिथूनच. पानं नाहीत, हरितद्रव्यही नावापुरतं. ओढल्यावर देठात रुतलेले तुकडे राहतात, तेच फुटतात. शिवाय खाली पडलेला दोराही शेजारच्या झाडाला धरतो. म्हणून वेल नव्हे, घासच कापा: सर्वांत खालच्या विळख्याच्याही खाली, जमिनीलगत, वेल पसरलेल्या जागेभोवती हातभर जास्त. गोणीत भरून न्या, वाळवून जाळा. हे फुलं येण्याआधी. बांधावर फेकणं म्हणजे नवी लागवडच!

उत्तर २ (‘चाराकुट्टी’): बी धरलेली वेल जनावरांना घालू नका, शेणातून बी जिवंत बाहेर पडतं आणि शेणखतातून शेतभर जातं. टणक कवचामुळे ते जमिनीत दहा वर्षांहून जास्त टिकतं. पुढे ज्वारी, मका, गहू घ्या, गवतवर्गावर ती सहसा जगत नाही. कांदा मात्र नको, त्यावर चढते.

पुन्हा ‘बांधावरून’: बियाणं घेताना मूठभर पांढऱ्या कागदावर पसरा. घासाचं बी गुळगुळीत, मूत्रपिंडाच्या आकाराचं. अमरवेलीचं बारीक, खरबरीत, मातकट. एक जरी दिसलं तरी पिशवी परत करा.