शेर्पा गाईडसोबत नेपाळचा ट्रेक: बेस कॅम्पच करावा का? गोव्यातून कोणी जाऊन आलंय?

सत्तरीकर

नमस्कार मंडळी. आम्ही चौघं मित्र, वाळपई आणि साखळीचे, सगळे चाळिशीच्या पुढचे, दिवाळी झाल्यावर नेपाळला जायचं म्हणतोय. इथल्या घाटात, म्हादईच्या रानात बरंच फिरलोय पण हिमालय पहिल्यांदाच. दोन-तीन कंपन्यांकडून एव्हरेस्ट बेस कॅम्पचे प्लॅन मागवले तर सगळे एकाच छापाचे निघाले, सकाळी निघा, दुपारी लॉजवर पोचा, जेवा, झोपा, दुसऱ्या दिवशी परत तेच, आणि कुठल्याही गावात दोन दिवस राहायचं म्हटलं की "सर, दिवस वाढतील". बेस कॅम्पचा फोटो मिळाला तर चांगलंच, पण मला खरी ओढ आहे ती शेर्पा लोकांची. ते राहतात कसे, शेतात काय पिकवतात, गोंपात (बौद्ध मठात) काय चालतं, सण कसे करतात हे जवळून बघायचंय. एवढ्या दिवसात ते जमतं का? की हे सगळं ब्रोशरपुरतंच असतं? आणि आमच्यातला एक शाकाहारी आहे, त्याचं कसं होईल? पासपोर्ट दोघांकडेच आहे. जाणकारांनी सांगावं.

म्हापशेकर

पासपोर्टचं टेन्शन घेऊ नका, आपल्याला नेपाळला विमानाने जाताना वोटर आयडी चालतं, फक्त ओरिजिनल हवं, आधार चालत नाही हे लक्षात ठेवा. गोव्याच्या मोपा विमानतळावरून दिल्ली, दिल्लीहून काठमांडू. पुढे लुकलाचं (बेस कॅम्पची चाल तिथूनच सुरू होते) विमान सीझनमध्ये बऱ्याचदा काठमांडूहून सुटत नाही, रामेछापच्या मंथली विमानतळावरून सुटतं, म्हंजे मध्यरात्री उठून चार-पाच तास गाडीत. आणि ढग आले की लुकला बंद, म्हणून शेवटी दोन दिवस मोकळे ठेवाच, परतीचं गोव्याचं तिकीट घट्ट बांधून घेऊ नका.

माझं मत विचाराल तर एवढं लांब जाताय तर बेस कॅम्प सोडू नका. संस्कृती त्या वाटेवर पण आहेच की. तेंगबोचेचा गोंपा ३८६७ मीटरवर आहे, १९१६ साली स्थापन झालेला, १९३४ च्या भूकंपात पडला, १९८९ मध्ये जळला, आणि दोन्ही वेळा लोकांनी परत उभा केला. संध्याकाळच्या पूजेला जाऊन बसता येतं. त्याच्या वर थुकलाच्या चढावर एव्हरेस्टवर गेलेल्यांची स्मारकं आहेत, दगडी चोर्तेन (छोटे स्तूप), त्यात कितीतरी शेर्पांची. २०१४ च्या १८ एप्रिलला खुंबू आइसफॉलमध्ये हिमस्खलन झालं त्यात १६ नेपाळी कामगार गेले, बहुतेक शेर्पा. तिथे उभं राहिलं की कळतं हा धंदा कोणाच्या जीवावर चालतो. माझ्यासाठी तरी तो अख्ख्या ट्रेकमधला सगळ्यात महत्त्वाचा थांबा होता, बेस कॅम्पपेक्षाही.

फोंड्याची उमा

सत्तरीकर दादा, तुम्ही जे विचारलंय ते मला फार महत्त्वाचं वाटतं म्हणून जरा लांब लिहिते.

म्हापशेकर म्हणतात ते खोटं नाही, पण बेस कॅम्पचा नेहमीचा प्लॅन घेतला तर तुमचा निम्मा वेळ अशा ठिकाणी जातो जिथे कायमची वस्तीच नाही. लोबुचे, गोरकशेप म्हंजे लॉजच आहेत, गाव नाही. गोरकशेप ५१६४ वर, बेस कॅम्प ५३६४ वर, तिथे हवेत ऑक्सिजन आपल्या किनाऱ्यापेक्षा जवळपास निम्माच मिळतो, डोकं दुखत असतं, जेवण जात नाही, आणि कोणाशी दोन शब्द बोलायचं त्राण राहत नाही. शेर्पांचं खरं जगणं खाली आहे, साधारण २७०० ते ४००० मीटरच्या मध्ये. म्हणून तुम्हाला लोक बघायचे असतील तर दिवस तिथे खर्च करा, वर नको.

खुंबूतच, म्हंजे एव्हरेस्टच्या पायथ्याच्या भागातच, जायचं असेल तर असं करा. नामचेला (३४४०) दोन रात्री सगळेच ठेवतात, शरीराला सवय व्हायला. शक्य झालं तर त्यात शनिवार येईल असं बघा, नामचेचा हाट शनिवारी असतो, खालच्या गावांतून भाजी, तांदूळ पाठीवर घेऊन लोक येतात. पूर्वी इथला सगळा व्यापार तिबेटशी चालायचा, नांग्पा ला खिंडीतून, ती ५७१६ मीटरवर, तिकडून मीठ नि लोकर यायची, इकडून धान्य जायचं. मग नामचेहून वर खुमजुंगला (३७९०) जा आणि तिथे नुसतं चहा पिऊन परतू नका, दोन रात्री राहा. हिरव्या पत्र्याची घरं, दगडी कुंपणं घातलेली बटाट्याची शेतं, डोक्यावर खुंबिला पर्वत. खुंबिला त्यांचा देव आहे, त्याच्यावर कोणी चढत नाहीत. १९६१ ला एव्हरेस्टवीर एडमंड हिलरींनी सुरू केलेली शाळा याच गावात, आणि शेजारच्या खुंदेत १९६६ चं हॉस्पिटल, आजही चालू. खुमजुंगच्या गोंपात यतीची (हिममानवाची) म्हणून डोक्याची केसाळ कातडी पेटीत ठेवलेली आहे, हिलरी १९६० साली ती तपासायला परदेशात घेऊन गेले होते, तज्ज्ञांनी सांगितलं की सेरो नावाच्या प्राण्याच्या कातड्याची आहे. गावाने ती तरी जपलीय, आणि मला ते आवडलं, कारण ती त्यांच्या पूजेतली वस्तू आहे.

जुन्या शेर्पा घरात खाली जनावरं आणि साठवण, वर एकच लांब खोली, खिडक्यांच्या ओळीला लागून बसायचे बाक, समोरच्या फळ्यांवर तांब्याची भांडी, कोपऱ्यात देवघर. चुलीजवळ कोण कुठे बसतं याची पद्धत असते, म्हणून जिथे बसा म्हणतील तिथे बसायचं. चुलीत कागद, प्लास्टिक, उष्टं काही टाकायचं नाही, अग्नी त्यांच्याकडे पवित्र आहे. लोणी-मीठ घातलेला चहा देतील, कप रिकामा दिसला की परत भरतात, नको असेल तर भरलेलाच ठेवा. बाहेर मणी भिंती (मंत्र कोरलेल्या दगडांच्या), चोर्तेन दिसले की ते आपल्या उजव्या हाताला ठेवून पुढे जायचं, देवळात प्रदक्षिणा घालतो त्याच दिशेने.

तुमच्या शाकाहारी मित्राला सांगा, निश्चिंत राहा. डाळभात सगळीकडे, हवा तेवढा परत वाढतात. रिगी कुर म्हणून किसलेल्या बटाट्याचं धिरडं असतं, वर लोणी नि तिखट चटणी, ते मागून खा. श्याक्पा म्हंजे पिठाचे तुकडे नि बटाटा घातलेलं दाट सूप, मटणाशिवाय पण करून देतात. मासेमटण खाणाऱ्या तुम्ही तिघांनीसुद्धा नामचेच्या वर मांस टाळा, तिथे बौद्ध लोक खुंबूत जनावर मारत नाहीत, सगळं मांस खालून पाठीवर चढतं, किती दिवसांचं आहे सांगता येत नाही.

खुमजुंगनंतर तेंगबोचे करा, आणि मग वर जाण्याऐवजी थामेला वळा (३८०० च्या आसपास). तेन्झिंग नोर्गेंचं बालपण याच गावातलं, एव्हरेस्टवर सर्वांत जास्त वेळा गेलेले कामी रिता शेर्पा इथलेच. २०२४ च्या १६ ऑगस्टला वरचं हिमतळं फुटून थामेत पूर आला, घरं, शाळा, आरोग्यकेंद्र वाहून गेलं. म्हणूनच मला वाटतं जाणाऱ्यांनी थामेत मुक्काम करावा, पैसा थेट त्या घरांत पोचतो.

दुसरा रस्ता, मला मनापासून जास्त आवडणारा, म्हंजे खालचा सोलू. काठमांडूहून जीपने धाप, तिथून झाप्रे, पिके पीक (४०६५), मग जुनबेसी आणि फाप्लू, परत जीप. लुकलाचं विमान लागतच नाही. पिकेवरून सूर्योदयाला एव्हरेस्टपासून रांगच्या रांग दिसते. जुनबेसी २७०० च्या आसपास, सफरचंदाच्या बागा, जवळच थुप्तेन छोलिंगचा मोठा मठ, तिबेटमधून आलेल्या भिक्षू-भिक्षुणींचा. तिथे गर्दी नाही म्हणून घरचे लोक संध्याकाळी तुमच्यासोबत चुलीपाशी बसतात, बोलतात. नामचेच्या लॉजमध्ये सीझनला ते शक्यच नाही, त्या बायांना जेवायची उसंत नसते.

पेडण्याचो बाबू

उमाताईंनी सगळं लिहिलंच आहे, मी गाईड आणि पोर्टरबद्दल सांगतो कारण यात लोक लक्ष देत नाहीत. पोर्टर शेर्पाच असतात असं समजू नका, राई, तमांग, मगर अशा दुसऱ्या जमातींचे बरेच जण खालच्या गावांतून येतात, आणि उंचीची सवय त्यांनापण आपल्यासारखीच करून घ्यावी लागते. बुकिंग करताना कंपनीला स्पष्ट विचारा: पोर्टरचा विमा आहे का, गरम जॅकेट नि बूट कोण देतं, रात्री झोपायची सोय कुठे, आणि पाठीवर किती किलो. पोर्टरांच्या हक्कांसाठी काम करणारे नेपाळात जास्तीत जास्त ३० किलो म्हणतात, सामान धरून सगळं. दोघांमागे एक पोर्टर घेतलात तर प्रत्येकाने १० किलोच्या आत बॅग ठेवा म्हंजे प्रश्नच येत नाही. उत्तर टाळाटाळ करून आलं तर ती कंपनी सोडा, कितीही स्वस्त असूदे.

गाईड २०२३ च्या एप्रिलपासून नेपाळात बहुतेक ट्रेकिंग भागात सक्तीचा केलाय, खुंबूच्या पालिकेने ते लागू केलं नाही, पण तुम्ही गाईड घ्याच आणि त्याच भागातला मागा. सोलूला जायचं तर सोलूचा माणूस. तो आपल्या मावशीच्या घरी जेवायला नेतो, गोंपात लामाशी ओळख करून देतो, परक्या गाईडला ते जमत नाही. टीप शेवटच्या संध्याकाळी, सगळ्यांसमोर, प्रत्येकाच्या हातात वेगळी. गाईडकडे एकत्र देऊ नका.

सत्तरीकर

सगळ्यांचे खूप आभार. उमाताई, तुमचं वाचून मित्रांना फोन लावला, माझ्यासकट तिघं सोलूच्या बाजूने आहोत, एकालाच बेस कॅम्प हवाय. दोन गोष्टी अजून विचारतो. एक म्हंजे शेर्पांच्या मणि रिम्दू सणाचं नाव ऐकलंय, ते आम्हाला बघायला मिळेल का? आणि विरळ हवेची सवय गोव्यात राहून कशी करायची, इथे तर सगळा प्रदेश समुद्राला लागून.

डिचोलीची डॉक्टर

सवय इथे होत नाही, ती वर गेल्यावरच होते. इथे फक्त पाय आणि दम तयार करा. सोसोगड ११६६ मीटरचा, गोव्यातला सगळ्यात उंच, वाघेरी, चोर्ल्याच्या बाजूचे चढ, पाठीवर वजन घेऊन दर आठवड्याला, आणि उतरायची प्रॅक्टिस पण करा, गुडघे उतारावर जातात. पण दणकट माणसालासुद्धा उंचीचा त्रास होतो, जिममध्ये जाणाऱ्यालाही होतो, कारण तो बऱ्याचदा भराभर चढतो. नियम एवढाच, ३००० मीटरनंतर झोपायची उंची एका दिवसात ५०० मीटरपेक्षा जास्त वाढवायची नाही, आणि दर तीन-चार दिवसांनी एक दिवस त्याच उंचीवर थांबायचं. डोकं दुखतंय, मळमळतंय तर वर जायचं नाही. चालताना तोल जातोय, बोलणं असंबद्ध येतंय, किंवा बसल्याजागी दम लागतोय तर रात्र असली तरी खाली उतरायचं, सकाळची वाट बघायची नाही. डायमॉक्स (उंचीच्या त्रासावरची गोळी) आपल्या डॉक्टरला विचारूनच, सल्फाची अ‍ॅलर्जी असेल तर आधी सांगा. बीपी, शुगरची गोळी चालू असेल तर जाण्याआधी तपासणी करून घ्या. विमा काढताना हेलिकॉप्टर रेस्क्यू आणि किती उंचीपर्यंत हे वाचून घ्या, साधा ट्रॅव्हल विमा बऱ्याचदा एवढ्या उंचीला लागू नसतो. थंडीचे जॅकेट, स्लीपिंग बॅग इथे विकत घेऊ नका, काठमांडूत ठमेलला भाड्याने मिळतात.

फोंड्याची उमा

मणि रिम्दू तेंगबोचेला ऑक्टोबर-नोव्हेंबरच्या पौर्णिमेच्या सुमारास येतं, आपल्या जत्रांसारखं तिथीवर, म्हणून इंग्रजी तारीख दरवर्षी बदलते. लोकांसाठी मुख्य तीन दिवस, पहिल्या दिवशी आशीर्वाद, दुसऱ्या दिवशी मुखवट्यांचे नाच, तिसऱ्या दिवशी होम. सोलूत फाप्लूच्या वरच्या चिवोंग मठातसुद्धा मणि रिम्दू होतं, तुमच्या वाटेवरच आहे, गर्दी तेंगबोचेपेक्षा बरीच कमी. गाईडला आत्ताच यंदाच्या तारखा विचारा आणि ट्रेक उलटा करता येतो का बघा, म्हंजे फाप्लूपासून सुरुवात करून पिकेला शेवट, तर सण पदरात पडेल. ट्रेक सरळच केलात तर बेस कॅम्पवाल्या मित्राला सोलू झाल्यावर फाप्लूहून लुकलाच्या दिशेने चालत वर जाता येतं, जुना रस्ता तोच, खिंडी आणि खोरी पार करत, आणि हळूहळू चढल्याने त्याचं शरीरही तयार होतं. त्याला फक्त रजा जास्त घ्यावी लागेल आणि वेगळा गाईड, तो आधीच ठरवून ठेवा.