पालै हा प्रदेश तमिळ भूमीवर नेमका कुठे होता?

अबोली

गेले काही महिने मी संगमकालीन तमिळ प्रेमकवितांची भाषांतरे वाचत आहे. या कवितांत पाच तिणै मानल्या असून प्रत्येकीला एक भूप्रदेश आणि एक भावावस्था नेमून दिलेली आहे, एवढे मला समजले आहे. डोंगराळ कुरिंजीत मीलन, रानातल्या मुल्लैत पतीची वाट पाहणे, भातशेतीच्या मरुदमात रुसवा, समुद्रकाठच्या नेय्दलात शोक आणि रखरखीत पालैत ताटातूट. तमिळनाडू आणि केरळ फिरून आलेल्या कोणालाही पहिले चार प्रदेश ओळखता येतात, पण पालैपाशी मी अडते. झाडे वठलेली, झरे आटलेले, वाटमारे दबा धरून बसलेले असे हे ओसाड रान त्या हिरव्या मुलखात होते तरी कुठे?

दुसरी शंका अशी की, भावना आणि भूमी यांची जोडी आधीच ठरलेली असेल, तर कवीच्या हाती काय उरते? संस्कृतातल्या नायिकाभेदासारखा हा नुसता वर्गीकरणाचा सोस तर नव्हे ना?

चेन्नईकर

आपल्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर त्या परंपरेनेच देऊन ठेवले आहे. तोलकाप्पियम या प्राचीन ग्रंथाच्या तिसऱ्या भागात, म्हणजे पोरुळदिकारमात, असे सूत्र आहे की पाच तिणैंपैकी मधली वगळून उरलेल्या चारांत पृथ्वी वाटलेली आहे. आणि ती वगळलेली मधली तिणै म्हणजेच पालै. मुल्लैला मायोन, कुरिंजीला सेयोन, मरुदमाला वेंदन आणि नेय्दलाला वरुणन असे देव तिथे सांगितले आहेत, पालैच्या वाट्याला मात्र जमीनही नाही आणि देवही नाही. तिला वेळ तेवढी मिळाली आहे, ग्रीष्मातली भर दुपार. सिलप्पदिकारम या तमिळ महाकाव्यात तर स्पष्टच म्हटले आहे की मुल्लै आणि कुरिंजी यांचा मूळ स्वभाव हरवला की त्यांनाच पालैचे रूप येते. याचा अर्थ असा की, ज्या डोंगरात दोघे भेटले होते, तोच डोंगर प्रियकर निघून गेल्यावर पालै होऊ शकतो. (कुरिंजी हे नाव ज्या फुलावरून पडले, ते बारा वर्षांनी फुलते. आपल्या सह्याद्रीतली कारवी त्याच कुळातली आहे, म्हणून तो डोंगर मराठी वाचकाला अगदीच परका वाटू नये.)

दुसऱ्या शंकेबाबत. कवितेची सामग्री तीन प्रकारची मानली आहे. मुदल म्हणजे स्थळ आणि काळ, करु म्हणजे त्या प्रदेशातले देव, पशुपक्षी, झाडे, अन्न, वाद्ये आणि व्यवसाय, तर उरि म्हणजे त्या तिणैची खास भावना. पुढे सवलत अशी की, उरि सोडून बाकीचे सारे एकमेकांत मिसळले तरी चालते. एका प्रदेशातला पक्षी दुसऱ्या प्रदेशात उतरला तर हरकत नाही, परंतु भावना बदलली की तिणैच बदलली. या एका सवलतीमुळे मला हे शास्त्र भूगोलाचे न वाटता मनाचे वाटते.

अकनानूरु या संगमकालीन प्रेमकवितांच्या संग्रहात 400 कविता आहेत आणि त्यांतल्या सगळ्या विषम क्रमांकाच्या कविता पालैच्या आहेत. ज्या प्रदेशाला जमीन नाही, त्याला अर्धा ग्रंथ मिळाला! विद्या, युद्ध, दौत्य आणि धनार्जन यांसाठी पुरुष घर सोडून जात, ही विरहाची कारणे शास्त्रानेच नोंदवली आहेत, तेव्हा या अर्ध्या वाट्याचे नवल वाटायला नको.

कवीच्या हाती काय उरते, हे कुरुंतोकै या तशाच दुसऱ्या संग्रहातल्या 37 व्या कवितेत पाहावे. ती रचणाऱ्या कवीची ओळखच ‘पालै गाणारा पेरुंकडुंको’ अशी आहे. सखी विरहिणीला सांगते की, तो ज्या वाटेने गेला आहे, त्या वाटेवर हत्ती आपल्या हत्तिणीची भूक भागवण्यासाठी ‘या’ नावाच्या झाडाची साल सोलत असतो. कविता जवळपास तिथेच संपते. ते दृश्य त्याच्याही नजरेस पडेल आणि तो मागे फिरेल, हे सखी बोलत नाही, ते आपण ऐकतो. जी वाट त्याला दूर नेते, तिच्यावरच त्याला परत आणणारे चित्र ठेवायचे, हे कोणत्याही वर्गीकरणातून आपोआप निघत नाही.

गोदाकाठ

उत्तर उत्तम आहे, तरीही पालैला निव्वळ मानसिक ठरवणे मला पटत नाही. पश्चिम घाटाच्या पर्जन्यछायेतला कोंगू प्रदेश उन्हाळ्यात खरोखरच करपतो, आणि पालघाट खिंडीतून येणारा जुना व्यापारी मार्ग त्याच भागातून जात असे. कोइंबतूरच्या आसपास सापडलेली रोमन नाणी त्या वर्दळीची साक्ष देतात. तिथून उन्हातान्हात गेलेल्या माणसांचा अनुभव या कवितांच्या मुळाशी असणारच.

दुसरे असे की, हाल सातवाहनाच्या नावावर असलेल्या, महाराष्ट्री प्राकृतातल्या गाथासप्तशतीतही प्रवासाला गेलेले पती आणि मागे राहिलेल्या स्त्रिया आहेत. तमिळचे अभ्यासक जॉर्ज हार्ट यांनी या दोन परंपरांतले साम्य विस्ताराने दाखवले आहे. मला मात्र फरक अधिक बोलका वाटतो. पहिल्या शतकातली एक गाथा पालैच्याच वेळेची, भर दुपारची आहे. (शतक म्हणजे शंभर गाथांचा गट.) त्या गाथेत स्त्री वाटसरूला म्हणते की, उन्हाच्या भयाने सावलीसुद्धा शरीराखाली लपली आहे, जराही बाहेर येत नाही, मग तू का विसावत नाहीस? वेळ तीच, ऊन तेच, वाटही तीच, पण इथे कोणी कोणाला निरोप देत नाही. गोदावरीकाठच्या कवींनी दुपारवर एकच भावना कायमची लिहून ठेवली नव्हती.

अबोली

दोघांचीही आभारी आहे. सावलीच्या गाथेवरून एक प्रश्न सुचतो. हीच गाथा एखाद्या तमिळ भाष्यकारापुढे ठेवली असती, तर त्याने तिला कोणत्या तिणैत घातले असते?

चेन्नईकर

पालैत नक्कीच नाही, कारण तिथे उरि ताटातुटीची हवी. भावनेकडे पाहून ‘ग्रीष्मात आणि रस्त्यावर घडणारी कुरिंजी’ असे तो म्हणू शकला असता, आणि मिसळण्याची सवलत त्याच्या बाजूने होती. पण एक अडचण आहे. पाच तिणैंतले प्रेम दोघांचे, परस्परांचे असते. एकतर्फी ओढीसाठी कैक्किळै आणि विजोड प्रेमासाठी पेरुंतिणै असे दोन कप्पे पाचांच्या बाहेर ठेवलेले आहेत, आणि त्यांना स्वतःचा भूप्रदेश दिलेला नाही. त्या वाटसरूने काय उत्तर दिले, ते गाथा सांगत नाही. ते कळेपर्यंत भाष्यकाराला तिच्यासाठी जमीन ठरवता आली नसती.