याबेस, याबेत्झ की यावेत्स? आणि अर्थ खरंच ‘दुःख’ होतो का?

ओटीवरून
जरा मदत हवी आहे. ठाण्याला आमच्या शेजारी बेने इस्राएल, म्हणजे कोकणातल्या मराठी बोलणाऱ्या यहुद्यांचं, कुटुंब राहायचं, त्यांच्यातली मावशी लग्नानंतर इस्राएलमध्ये अश्दोदला गेली. तिच्या घरी अजून मराठी चालतं, म्हणजे तिच्या पिढीपर्यंत, पुढच्यांचं सगळं हिब्रूतच. तिने घराण्याची वंशावळ मराठीत छापायला काढलीय आणि टायपिंग माझ्याकडे आहे. आबाजी, हसाजी, सामाजी, इसाजी इथपर्यंत काही अडलं नाही, शेवटच्या ओळीत अडलंय. नातवाला मुलगा झाला, आठव्या दिवशी सुंतेला नाव ठेवलं, ते इंग्रजीत जेबेझ लिहितात. मावशी फोनवर याबेत्स म्हणते, नातू स्वतः यावेत्स म्हणतो आणि मराठी बायबलात याबेस आहे. यातलं काय छापू?

दुसरं जास्त नाजूक आहे. मावशीच्या आईला, म्हणजे नातवाच्या पणजीआजीला, कोणीतरी सांगितलं की या नावाचा अर्थ दुःख. तेव्हापासून ती बाळाला नावाने हाकच मारत नाहीये. नातू म्हणतो तसं नाही, ज्याची प्रार्थना ऐकली गेली तो. खरा अर्थ काय? मला आजीला फोन करून काहीतरी सांगायचंय, पण खोटं सांगायचं नाहीये.

शब्दखुळा
दोघंही अर्धं अर्धं बरोबर आहेत. या नावाचा माणूस बायबलात पहिला इतिहास या पुस्तकाच्या चौथ्या अध्यायात येतो, नववी आणि दहावी ओवी, एवढाच त्याचा संसार. नुसती वंशावळ चाललेली असते, अमक्याचा मुलगा तमका, आणि मधेच दोन ओव्यांपुरता हा माणूस येतो. आई म्हणते मी याला क्लेशाने जन्म दिला म्हणून याबेस. मोठेपणी तो देवाला म्हणतो, माझी सीमा वाढव, तुझा हात माझ्यावर असू दे, मला क्लेश होऊ नये असं कर. आणि देव ते देतो. गोष्ट संपली, पुन्हा वंशावळ सुरू.

आता गंमत बघा. क्लेशाला हिब्रूत शब्द आहे ओत्सेब किंवा एत्सेब, त्याची अक्षरं आयिन, त्सादे, बेत. नावाची अक्षरं योद, आयिन, बेत, त्सादे. म्हणजे शेवटच्या दोन अक्षरांची अदलाबदल झालीय. आपल्याकडे नुकसानचं नुसकान आणि मतलबचं मतबल होतं तसं. त्यामुळे नावाचा अर्थ सरळ दुःख असा होत नाही, नावातून दुःखाचा आवाज येतो. आणि नावात जो धातू दिसतो, आयिन-बेत-त्सादे, तो बायबलच्या हिब्रूत दुसरीकडे कुठेच भेटत नाही. तेव्हा आईने सांगितलेली व्युत्पत्ती ही व्याकरणातली नाही, कानाची आहे.

तिखटजाळ
याला मराठीत वर्णविपर्यय असा चांगला शब्द आहे, तो वापरला असता तर बरं झालं असतं. अदलाबदल कपड्यांची होते.

शब्दखुळा
वर्णविपर्यय म्हटलं असतं तर निम्म्या लोकांनी पुढचं वाचलं नसतं. मला समजावून सांगायचं होतं.

लिपीवेडी
मला स्पेलिंगबद्दल बोलायचंय. शेवटचं अक्षर त्सादे, आजच्या हिब्रूत त्याचा उच्चार त्स. हा आवाज मराठीला परका नाहीच! चोर म्हणा, चमचा म्हणा, चटणी म्हणा, जीभ जिथे लागते तोच तो आवाज. हिंदीवाल्यांना तो काढायला कष्ट पडतात, आपल्याला जन्मतः येतो, आणि तरी आपण किबुत्झ, याबेत्झ असली झ लावलेली इंग्रजी वळणाची स्पेलिंगं का लिहितो हे मला कधीच कळलेलं नाही. माझ्या मते याबेच लिहावं, चोरातला च. पाहिजे तर च खाली नुक्ता द्यावा.

तिखटजाळ
मराठी वर्णमालेत नुक्ता नाही. चार आणि चोर यांतला फरक आपण शेकडो वर्षं खूण न करता वाचतोय.

लिपीवेडी
वाचतोय कारण ते शब्द आधीपासून ओळखीचे आहेत. अनोळखी नाव समोर आलं तर वाचणाऱ्याने कशावरून ठरवायचं, च चारातला की चोरातला? बाहेरून येऊन मराठी शिकणाऱ्या कोणालाही विचारा, याच एका अक्षरावर सगळे रडतात.

जुनी वही
याबेच लिहिलंत तर आणखी एक घोटाळा होईल. मराठी माणूस तो शेवटचा च जोर देणारा समजेल. तोच, मीच, घरीच, तसं याबे-च. उच्चार तंतोतंत बरोबर (कारण तो जोराचा च देखील चोरातलाच आहे) आणि अर्थ साफ चुकीचा. मी हे अर्धा तास मोठ्याने म्हणून बघितलं, घरातले विचारायला आले काय झालं म्हणून.

रेवदंडा
तुम्ही सगळे उच्चारावरून भांडताय पण या समाजाची स्वतःची मराठी रीत आहे ती कोणी बघायला तयार नाही. इसाजी हे नाव घ्या. मूळ हिब्रू यित्सहाक, म्हणजे इसहाक, त्यातही हाच त्सादे. कोकणात त्याचं काय झालं? स झाला. मराठी बायबलात बघा, सियोन, सादोक, सिप्पोरा, सगळीकडे त्सादेला स. म्हणजे याबेस हे कोणा एका भाषांतरकाराच्या डोक्यातून निघालेलं नाही, त्यामागे ठरलेला नियम आहे. वंशावळीत वर इसाजी आणि खाली याबेत्स असेल तर एकाच पानावर एकच अक्षर दोन तऱ्हांनी दिसेल.

आणि ही नावं नुसती बायबलची राहिलेली नाहीत. मुंबईत मांडवीला १७९६ मध्ये सभास्थान (सिनेगॉग) बांधणारे सॅम्युएल यहेज्केल दिवेकर, त्यांना लोक ओळखायचे सामाजी हसाजी म्हणून. शमुएलचा सामाजी, यहेज्केलचा हसाजी, अब्राहामचा आबाजी, याकोबचा आखोबा. आखोबा या नावात हिब्रू कुठे संपतं आणि कोकण कुठे सुरू होतं ते दाखवून द्या मला. पुण्यात १८७४ साली छापलेली हिब्रू-मराठी हग्गादा, म्हणजे वल्हांडणाच्या रात्री वाचायची पोथी, आहे, चित्रातल्या बायका साडी नेसलेल्या. त्या लोकांनी भाषा अंगात भिनवून घेतली होती. आता आपण त्यांच्या पतवंडाचं नाव तेल अवीवच्या रेडिओसारखं लिहायला निघालोय.

लिपीवेडी
पण ते पतवंड तिथेच जन्मलंय ना. त्याला स्वतःला जी हाक ऐकू येणार ती यावेत्स.

शब्दखुळा
ब की व हेही सांगून टाकतो. बायबलच्या मजकुरात बेतच्या पोटात टिंब आहे, त्याला दागेश म्हणतात, टिंब असलं की ब आणि नसलं की व. म्हणजे पोथीप्रमाणे याबेत्स. पण आज आडनाव म्हणून हे लावणारे लोक आहेत ते यावेत्स म्हणतात. आणि मधला आयिन घशातून काढायचा असतो, अरबीतल्या ऐनसारखा, येमेनहून आलेल्यांच्या तोंडी अजून ऐकू येतो. देवनागरीत त्याला अक्षरच नाही, त्यामुळे काही केलं तरी एक अक्षर सांडणारच.

ओटीवरून
सगळ्यांचे आभार, पण आजीला काय सांगू ते अजून राहिलंय.

बाळंतविडा
मी तीस वर्षं प्रसूतिगृहात काम केलंय म्हणून बोलते. तुम्ही सगळे क्लेश आणि दुःख लिहिताय. आईने जन्म देतानाची गोष्ट सांगितलीय ना? मग मराठीत त्याला कळा म्हणतात, वेणा म्हणतात. दुःख वेगळं. कळा येतात त्या शरीराच्या आणि कळा देते ती बाई, म्हणजे ती जोर लावते, त्या शब्दात तिचं काम आहे. किती बायका बाळ हातात घेतल्याबरोबर म्हणतात, लई छळलंस रे मला! लाडाने म्हणतात, त्याला काही ती शिवी नसते. आजीला दुःख हा शब्दच सांगू नका. सांगा, आईला फार कळा सोसाव्या लागल्या, त्याची आठवण म्हणून नाव. त्यांचीही बाळंतपणं झालीयेत, त्यांना बरोबर कळेल.

शब्दखुळा
हे मला सुचलं नव्हतं आणि मुळाशी अगदी जुळतंय. बायबलच्या उत्पत्ती या पुस्तकात हव्वेला सांगितलं जातं की तू वेदनेने लेकरं प्रसवशील, तिथे हाच एत्सेब. म्हणजे तो शब्द बाळंतपणाशी पहिल्यापासून बांधलेला आहे. आजच्या हिब्रूत मात्र एत्सेव म्हणजे खिन्नता आणि आत्सुव म्हणजे उदास, म्हणून आजच्या कानाला नावातून उदासी ऐकू येत असणार.

तिखटजाळ
याच तीन अक्षरांचा दुसरा एक धातू आहे, त्याचा अर्थ घडवणे, आकार देणे. ईयोबाच्या पुस्तकात तुझ्या हातांनी मला घडवलं असं येतं तिथे तोच, आणि आज इत्सुव म्हणजे डिझाइन. मला वाटतं मूळ नाव यावरूनच असावं. घडवलेला. दुःखाची कथा मागाहून चिकटवली असेल.

शब्दखुळा
त्यासाठीही तुम्हाला तीच अक्षरं उलटवावी लागतात. मग आईची उलटापालट काय वाईट होती? तिची निदान ग्रंथात लिहिलेली आहे.

जुनी वही
दुःखाचं नाव कोण ठेवतं असं आजी म्हणतात, पण आपल्याकडे काय कमी ठेवलीत का? दगडू, धोंडू, कचरू, केरू, भिकू, उकिर्डा. आधीची मुलं गेली की पुढच्याला असं नाव द्यायचं की मृत्यूला वाटावं हे घेण्यासारखं नाही. माझ्या पणजोबांचं नाव कचरू, सातबाऱ्यावर अजून आहे, आणि आमच्या सगळ्या भावकीत एवढ्या प्रेमाने दुसऱ्या कुणाचं नाव घेतलं जात नाही.

तिखटजाळ
धोंडू यात घालू नका. तो धोंड्याच्या महिन्यात, म्हणजे अधिक महिन्यात जन्मला म्हणून धोंडू.

रेवदंडा
आमच्याकडे धोंडू हे नाव देवाच्या धोंड्याला नवस बोलून झालेल्या मुलाला ठेवतात. अधिक महिना तीन वर्षांतून एकदा येतो, धोंडू मात्र गल्लोगल्ली होते, हिशोब बसत नाही.

तिखटजाळ
आमच्या घरात दोन धोंडू झाले, दोघंही अधिकातले. हे मी ऐकीव सांगत नाहीये.

बाळंतविडा
दगडू आणि नकोशी एका तागडीत तोलू नका एवढंच सांगते. दगडू हे नाव मुलगा जगावा म्हणून. नकोशी हे नाव मुलगी नको होती म्हणून. साताऱ्यात २०११ मध्ये अशा अडीचशेहून जास्त मुलींची नावं बदलली, स्वतः निवडलेली नावं घेतली त्यांनी. तो पेपर मी जपून ठेवलाय. नाव ठेवणं आणि नावं ठेवणं यात अनुस्वाराचाच काय तो फरक, पण त्या मुलींच्या बाबतीत तो तेवढाही उरला नव्हता.

जुनी वही
मान्य. ते मी वेगळं लिहायला हवं होतं.

लिपीवेडी
बेन्यामिनची गोष्ट पण अशीच आहे ना? बायबलातली राहेल मरता मरता बाळाचं नाव बेनओनी ठेवते, माझ्या दुःखाचा पुत्र, आणि बाप ते बदलून बेन्यामिन करतो, उजव्या हाताचा पुत्र. तोच कोकणात बनाजी झाला. म्हणजे तिथे नाव बदललं. याबेसचं कोणी बदललं नाही, त्याने तेच नाव घेऊन मागणं मागितलं. मला हा जास्त आवडतो.

शब्दखुळा
ओटीवरून, आजीसाठी अजून एक. तल्मूद या यहुदी धर्मग्रंथात तेमुरा नावाचा भाग आहे, तिथे रब्बींनी, म्हणजे धर्मपंडितांनी, या नावाची वेगळीच फोड केलीय. याबेस म्हणजेच बायबलातला ओथनीएल नावाचा शास्ता, आणि त्याला हे नाव का, तर याअत्स म्हणजे त्याने सल्ला दिला आणि रिब्बेत्स म्हणजे त्याने तोरा, म्हणजे मोशेचं धर्मशास्त्र, वाढवली, रुजवली. दोन्ही मिळून याबेत्स. व्याकरणात टिकणार नाही, पण शेकडो वर्षं अभ्यासात असलेली फोड आहे, खोटं सांगितल्यासारखं होणार नाही. अठराव्या शतकात हॅम्बुर्गजवळ आल्टोनाला रब्बी याकोब एम्डेन म्हणून मोठे विद्वान होऊन गेले, १६९७ ते १७७६, ते स्वतःला याबेत्स म्हणवून घ्यायचे. याकोब बेन त्स्वी, यातल्या याकोबची पहिली दोन हिब्रू अक्षरं आणि पुढच्या दोन शब्दांचं पहिलं एकेक घेतलं की नेमकं तेच स्पेलिंग होतं. एवढ्या मोठ्या माणसाला अशुभ वाटलं नाही.

ओटीवरून
आजीला काल फोन केला. तल्मूदचं सांगितलं, ते त्यांनी ऐकून घेतलं. कळांचं सांगितलं तेव्हा म्हणाल्या, मला माझ्या थोरल्याच्या वेळी दोन रात्री लागल्या होत्या. मग बराच वेळ त्याच गोष्टी सांगत बसल्या, अलिबागची सुईण, पाऊस, होडी मिळाली नाही ते. नावाबद्दल पुढे काहीच बोलल्या नाहीत. आज मावशीचा मेसेज आलाय की आजी सकाळपासून बाळाला याबू, याबू करतायत.

तिखटजाळ
याबू? अहो, याबू म्हणजे तट्टू. जुन्या मराठीत सर्रास आहे, फारसीतून आलेला शब्द. त्यांना कोणीतरी सांगा.

रेवदंडा
कशाला सांगायचं! नव्वदीच्या बाईला याबू म्हणजे काय हे माहीत नसेल असं वाटतं का तुम्हाला? कोकणात पोराला लाडाने खोंड म्हणतात, रेडकू म्हणतात.

तिखटजाळ
खोंड हा आपला शब्द आहे. याबू लाडाने म्हटलेलं मी कुठेच ऐकलं नाही. कोणी ऐकलं असेल तर गावाच्या नावासकट लिहा.

जुनी वही
आमच्याकडे अडून बसणाऱ्या माणसाला याबू म्हणायचे. लाडाने की रागाने ते आईला विचारून उद्या लिहितो.

ओटीवरून
ते लिहाच. पण प्रेसवाल्याला मला परवा सकाळी फाइल द्यायचीय. सध्या याबेस टाकलंय, इसाजीसारखा स म्हणून, आणि नातू म्हणतोय कंसात यावेत्स पण घाला. घालू का?