‘वंडरवॉल’मधली डच मंडळी आणि पार्टीतलं संगीत

जुनी_तबकडी: दिग्दर्शक जो मासोच्या ‘वंडरवॉल’ चित्रपटात पार्टीच्या प्रसंगात रंगीबेरंगी कपड्यांतली डच मंडळी दिसतात, तो ‘द फूल’ हा सजावटकारांचा गटच ना? तिथे वाजतं ते संगीत त्यांचंच का? आणि चित्रपटाचा संगीतकार, बीटल्समधला जॉर्ज हॅरिसन, याने मुंबईत ध्वनिमुद्रित केलं ते नेमकं कोणतं? तबकडी घ्यायची आहे. जाणकारांनी सांगावं.

कोमल_रिषभ: द फूलच, पण सगळे डच नव्हेत. सिमोन पोस्टहुमा, मारायके कोगर आणि योशे लेगर डच, बॅरी फिंच इंग्रज. पडद्यावर त्यांचं दर्शन ओझरतंच. खरी कामगिरी सेटच्या सजावटीत आहे. चित्रपटातला प्रोफेसर भिंतीच्या भोकातून शेजारच्या घरात डोकावतो; त्याची खोली कळकट आणि भोकापलीकडे रंगांचा धुमाकूळ, हा फरक त्यांच्याच जिवावर उभा आहे. लंडनच्या बेकर स्ट्रीटवरच्या ॲपल बुटीक या बीटल्सच्या दुकानाची भिंतही यांनीच रंगवली होती. परवानगी नव्हती, शेजारच्या दुकानदारांनी ओरड केली आणि १९६८ मध्ये ती पांढरी करावी लागली.

संगीत मात्र त्यांचं नाही. पार्टीतला तुकडा म्हणजे ‘पार्टी सीकूम’, वाजवलाय लिव्हरपूलच्या रेमो फोर या बँडने, लंडनमध्ये.

फोर्टकर: मुंबईचा भाग जानेवारी १९६८ चा, एचएमव्हीच्या स्टुडिओतला. शिवकुमार शर्मांचं संतूर, आशिष खाँचा सरोद, महापुरुष मिश्रांचा तबला, चंद्रशेखर नारिंगरेकरांचा सुरबहार! आपल्याकडे नारिंगरेकरांचं नाव या संदर्भात कुणी घेतच नाही.

लंडनसारखी मल्टिट्रॅकची, म्हणजे प्रत्येक वाद्य वेगळं मुद्रित करायची, सोय नव्हती, त्यामुळे वाद्यांचा तोल वाजतानाच साधावा लागे. नंतर एखादं वाद्य वरखाली करायला वाव नाही. आवाज अडवणाऱ्या भिंतीही जेमतेमच. संध्याकाळी साडेपाचला कचेऱ्या सुटल्या की जिन्यावरची पावलं ऐकू येत आणि मुद्रण थांबवावं लागे. तुकडे एक-दोन मिनिटांचे का, तर हॅरिसनने प्रसंग स्टॉपवॉच लावून मोजले होते. यातल्या ‘मायक्रोब्स’ या तुकड्याची शहनाई आधी ऐका. बीटल्सच्या ‘द इनर लाइट’ या गाण्याचा वाद्यभागही याच मुक्कामातला, गायन नंतर लंडनला चढवलं.

जुनी_तबकडी: वा! मग ‘द फूल’ नावाची तबकडी दिसते, ती कसली?

कोमल_रिषभ: ती वेगळीच. त्या गटाने स्वतः गायलेली; १९६८, मर्क्युरी कंपनी, निर्माता ग्रॅहम नॅश. बॅगपाइप, बासऱ्या, सामूहिक आरोळ्या. सजावटकार म्हणून ते थोर, गायक म्हणून माझ्या मते बेताचेच. ‘वंडरवॉल’ समजून घेऊ नका.

तुम्हाला हवी ती ‘वंडरवॉल म्युझिक’, बीटल्सच्या ॲपल या तबकडी कंपनीची पहिलीच एलपी, ब्रिटनमध्ये नोव्हेंबर १९६८. चित्रपटाची दुरुस्त केलेली प्रत पाहिली असेल तर त्यातलं रेमो फोरचं ‘इन द फर्स्ट प्लेस’ हे गाणं जुन्या तबकडीवर शोधून सापडणार नाही. ती टेप सापडलीच १९९० च्या दशकात. ते हवं असेल तर २०१४ ची सीडी घ्या, तिच्यावर ‘द इनर लाइट’चा निव्वळ वाद्यांचा वेगळा टेकही आहे.