ताऱ्याभोवतीच्या अजस्र, उजळ रचनेला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न

विज्ञानकथा लिहिते आहे. तिच्यातलं विश्व पूर्ण काल्पनिक आहे. तिथल्या पूर्वजांनी आपल्या सूर्याभोवती एक प्रचंड गोल बांधकाम करून ठेवलंय आणि ते ग्रहावरून मंद तांबडं दिसतं. 'तेजोवलय' लिहून पाहिलं, पण लगेच संतांच्या तसबिरी डोळ्यांपुढे येतात. 'महासंरचना' शासकीय परिपत्रकात शोभेल. कथा सांगणारी बाई शेतकरीण आहे, तिच्या तोंडी बसेल असा शब्द हवा.

प्रतिसाद

'प्रभामंडल' किंवा 'प्रभावळ' कसं वाटतं? दोन्ही रुळलेले आहेत आणि दोन्हींत उजेड आहे.

प्रतिसाद

रुळलेले आहेत हीच अडचण आहे. सूर्याच्या सर्वांत बाहेरच्या वातावरणाला, खग्रास ग्रहणात दिसतं त्याला, मराठीत प्रभामंडल किंवा किरीट म्हणतात. ते नैसर्गिक आहे आणि ताऱ्याला चिकटून असतं. प्रभावळ तर देवाच्या मूर्तीमागची कमान, खालून उघडी. शिवाय आता पुढाऱ्याभोवतीच्या माणसांनाही प्रभावळ म्हणतात. 'तेजोमेघ' आणि 'अभ्रिका' वायू-धुळीच्या ढगांसाठी आहेत, बांधकामाला चालायचे नाहीत.

शब्द ठरवण्याआधी वस्तू नीट पाहावी असं मला मनापासून वाटतं. ताऱ्याभोवतीच्या कृत्रिम रचनेची कल्पना फ्रीमन डायसन यांनी १९६० साली एका छोट्या शोधनिबंधात मांडली. गुरू ग्रहाएवढं द्रव्य सूर्यापासून पृथ्वीच्या दुप्पट अंतरावर गोल पसरलं, तर दोन-तीन मीटर जाडीचं कवच होईल, हा त्यांचा हिशेब. ते कवच सूर्याची सगळी ऊर्जा झेलून अवरक्त किरणांच्या रूपात बाहेर टाकेल. म्हणजे डोळ्यांना ते दिसणारच नाही. बाहेरून त्याचं तापमान जेमतेम महाबळेश्वरच्या थंडीतल्या पहाटेएवढं. असल्या वस्तूच्या नावात 'तेज' घालणं चूक ठरेल.

तुमची रचना मात्र तांबडी दिसते. कोणतीही वस्तू स्वतःच्या उष्णतेने तांबडी दिसायला लागते ती साधारण ५२५ अंश सेल्सिअसला. आपल्या सूर्यासारखा तारा धरला तर त्यासाठी रचना त्याच्यापासून अडीच-तीन कोटी किलोमीटरांवर हवी, बुधाच्या कक्षेच्याही आत. पूर्ण कवच केलंत तर ग्रहावर ऊनच पडणार नाही, मग शेती कसली? तेव्हा ते कड्यासारखं असावं, मध्ये तारा मोकळा. दिवसा त्याच्या झगझगाटात ते दिसणार नाही. सूर्य मावळल्यावर कड्याची वरची कड क्षितिजावर थोडा वेळ उभी राहील, आणि पहाटे उगवतीला तसंच.

हे सगळं ध्यानात घेऊन मी 'खळं' सुचवतो. चंद्राला खळं पडलं की पाऊस येणार असं आपल्याकडे म्हणतात. संस्कृतात त्याला परिवेष म्हणतात आणि वराहमिहिराच्या बृहत्संहितेत परिवेषावर वेगळा अध्यायच आहे. खळं चंद्राला चिकटलेलं नसतं, मध्ये अंतर असतं, तुमच्या कड्यासारखंच. आणि मळणीची जागाही खळंच. मध्यभागी रोवलेला तिवडा, त्याच्याभोवती फिरणारे बैल. तुमच्या शेतकरणीला आभाळातली ती वस्तू पाहून दुसरा शब्द सुचणारच नाही.

एक गोष्ट आणखी. हे कडं अखंड ठेवू नका. शनीचं कडं एकसंध घन असेल तर टिकणार नाही, हे मॅक्सवेलने १८५९ साली गणिताने दाखवलं. तोच नियम इथेही लागू. सुटे सुटे तुकडे, प्रत्येक जण आपल्या कक्षेत, साधारण महिन्याभरात ताऱ्याभोवती एक फेरी. म्हणजे तिवड्याभोवती बैल फिरतातच. ताऱ्याला कथेत 'तिवडा' म्हणता आलं तर जरूर म्हणा.

प्रतिसाद

सिंधुदुर्गात आम्ही घरासमोरच्या अंगणाला खळं म्हणतो. तिथल्या वाचकाला आधी सारवलेलं अंगण दिसेल. शिवाय अनेकवचनाचा घोळ आहे. 'आभाळात दोन खळी' लिहिलंत तर गालावरची खळी आठवते. सुटे तुकडेच असतील तर 'मोहोळ' का नको? मोहोळ उठतं, घोंगावतं, त्यात जीव असतो.

प्रतिसाद

मोहोळ मलाही आवडलं, पण ते पोकळ गोलाला शोभेल, चारही अंगांनी ताऱ्याला घेरणाऱ्या तुकड्यांना. कड्याचा आकार त्यातून येत नाही. अंगणाचा अर्थ मला अडचणीचा वाटत नाही. सपाट, गोल, माणसांनी राबून तयार केलेली जागा हे तिन्ही अर्थांत थोडंफार आहेच. अनेकवचन टाळता येतं, एका ताऱ्याला एकच खळं. सामान्यरूप मात्र सांभाळा: खळ्याला, खळ्यावर, खळ्यातून.

प्रतिसाद

मूळ प्रश्न माझा. खळं घेतलं. कड्याची पातळी ग्रहाच्या कक्षेला काटकोनात ठेवली तर वर्षातून दोनदा ते पूर्ण गोल दिसेल आणि दोनदा नुसती उभी रेघ, हे आत्ताच कागदावर काढून पाहिलं. शेतकरणीला त्यावरून पेरणी-कापणीचा हंगाम कळेल. पहिलं वाक्य असं केलंय: 'खळं रेघेवर आलं, आता बियाणं काढायला हवं.' क्रियापद 'पडतं' घेतलं नाही, कारण हे खळं कायमचं आहे. 'रेघेवर येतं' आणि 'भरतं' अशी दोन ठेवली आहेत.

खळ्यावर राहणाऱ्या लोकांना 'खळकर' म्हणावं की 'खळेकर'? गावाच्या नावाला कर लागतो तसं करायचं आहे.

प्रतिसाद

खळेकर. उच्चारायला सोपं आणि आडनावासारखं वाटतं. खळकर म्हटलं की खळखळ ऐकू येते.