२६ घरांची नवी वसाहत बसवतोय, ओपन स्पेस मधोमध का कोपऱ्यात?

माळावरचा:
नमस्कार मंडळी. आम्ही २६ कुटुंबं, निम्मे शिक्षक, काही एमआयडीसीतले, दोघं-तिघं दूधवाले, अशांनी मिळून कोल्हापूरजवळ कळंब्याच्या पुढं गारगोटी रोडपासून आत तीन एकर घेतलीय. बिल्डर नाही, आपलं आपणच करायचं ठरवलं आणि दर महिन्याला पैसे साठवत आलो. मोजणी झाली, आता ले-आऊट, म्हणजे प्लॉट आणि रस्त्यांचा नकाशा, मंजुरीला टाकायचाय. तीन एकर म्हणजे १२० गुंठे, रस्त्यात ३० जातील, १० टक्के ओपन स्पेस, म्हणजे सगळ्यांसाठी सोडायची मोकळी जागा, १२, राहिले ७८, घरटी ३ गुंठे. भांडण त्या १२ गुंठ्यांवर हाय. काही जण म्हणतात ती मागच्या कोपऱ्यात ओढ्याकडं टाकू, तिथला प्लॉट तसाही कोण घेणार नाही, मधली चांगली जागा कशाला घालवायची. मी आणि अजून सात-आठ जण म्हणतोय मधोमधच पाहिजे. परवाच्या मीटिंगला आवाज चढले, दोघं सख्खे भाऊ एकमेकांशी बोलेनात.
माझं लहानपण कोल्हापुरात मंगळवार पेठेत गेलं. दारातनं बाहेर पडलं की तालमीचा कट्टा, कुणाचं पोर कुठं हाय ते आईच्या आधी कट्ट्यावरच्या म्हाताऱ्यांना माहीत. तसं नव्या जागेत ठरवून करता येतं का? ज्यांनी वसाहत बसताना बघितलीय त्यांनी सांगा.

दारातली_तुळस:
दादा, कोपऱ्यात टाकू नका, हात जोडून सांगते. आम्ही वीस वर्षांपूर्वी अशाच एका कॉलनीत प्लॉट घेतला. ओपन स्पेस मागं, तिकोनी, आणि सगळ्या घरांची पाठ तिकडं. आधी कुणीतरी बांधकामाची उरलेली खडी टाकली, मग फरशीचे तुकडे, मग गाजरगवत माणसाएवढं वाढलं, त्यात विजेचा डीपी पण तिथंच बसवला. संध्याकाळी सहानंतर बायका तिकडं फिरकत नाहीत. गणपतीचा मांडव आजपण रस्त्यावर पडतो, एका वर्षी शेजारच्या काकांना रात्री ॲटॅक आला आणि ॲम्ब्युलन्स मांडवाच्या बांबूपाशी अडली, चौघांनी खुर्चीत बसवून त्यांना कोपऱ्यापर्यंत आणलं. काका वाचले, पण ती रात्र मी विसरले नाही.
तुम्ही मधोमध ठेवा, पण नुसतं मधोमध असून भागत नाही, कमीत कमी आठ-दहा घरांची दारं तिकडं उघडली पाहिजेत. भाजी निवडत बसलेल्या बाईचं मैदानावर लक्ष असतं, त्याला वॉचमन लागत नाही. आणि नळ एक पाहिजेच. पाणी असलं की झाडं जगतात, पोरं पाणी प्यायला घरी पळत नाहीत.

बंधाऱ्यावरचा:
मी पाटबंधारेत नोकरी केली, रिटायर झालो. ओपन स्पेस कुठं पण ठेवा, आधी ओढा बघा. आता कोरडा दिसतोय म्हणून त्याच्या कडंला प्लॉट पाडू नका, आणि भराव टाकून तर अजिबात नको. पावसाळ्यात पाणी आपली जुनी वाट सोडत नसतंय. कोल्हापुरात राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगेची पातळी ३९ फूट म्हणजे इशारा, ४३ म्हणजे धोका, २०१९ आणि २०२१ ला दोन्ही वेळा पाणी पन्नाशीच्या पुढं गेलं. नदी फुगली की नाल्यांचं पाणी पुढं जात नाही, उलटं मागं येतं, जयंती नाल्याच्या कडंनं राहणाऱ्यांना विचारा. तुमची जागा नदीपासनं लांब हाय, पण वरच्या माळाचं पाणी तुमच्यातनंच जाणार. ओढ्याकडंचा पट्टा मोकळा सोडा, करंज, जांभूळ लावा. तो ओपन स्पेसमध्ये धरायचा का नाही ते आर्किटेक्टला विचारा, पण पोरांच्या खेळाची जागा तिथं नको.
दुसरं, माती काळी असली तर घरटी शोषखड्डा चालत नाही, पाणी मुरतच नाही. एका ठिकाणी बघितलंय, शोषखड्डा आणि बोअर दोन्ही तीन गुंठ्यात, दुसऱ्या पावसाळ्यात बोअरच्या पाण्याला वास. सांडपाण्याची लाईन सगळ्यांची एकत्र न्या आणि रस्ता करायच्या आधी न्या, नंतर रस्ता फोडायला कोण पैसे काढणार नाही.

सातवी_गल्ली:
मी जयसिंगपूरचा. आमचं गाव १९१७ ला शाहू महाराजांनी वडिलांच्या, जयसिंगराव घाटग्यांच्या नावानं वसवलं. सरळ रस्ते, काटकोनात गल्ल्या, गल्ल्यांना नंबर, नवीन माणूस पण पत्ता चुकत नाही. त्याच्या आधी १८९५ ला शाहूपुरी, ती पण आखूनच. पण या दोन्ही ठिकाणी नुसत्या आखणीनं माणसं आली नाहीत, पेठ होती, धंदा होता म्हणून आली. रोज बाहेर पडायला काहीतरी निमित्त लागतं. तुमच्यात दूधवाले हायत न्हवं, मग सकाळचं दूध घरोघरी टाकण्यापेक्षा मैदानाच्या कडंला एका ठिकाणी द्या. २६ घरांतलं एकेक माणूस रोज सकाळी तिथं भेटंल. किराण्याचं एक दुकान पण तिथंच काढा.

उसाचा_फड:
भावा एक राहिलं. रस्ता आरपार ठेवू नका, नाहीतर मागच्या वस्तीच्या सगळ्या गाड्या तुमच्यातनंच जाणार. अमेरिकेत पेरी म्हणून एकानं १९२९ लाच मांडलंय की मोठी वाहतूक वस्तीच्या कडेनं न्यावी आणि पोराला शाळेला चालत जाताना मोठा रस्ता ओलांडायला लागू नये. आणि मंजूर ले-आऊटमधली ओपन स्पेस सगळ्यांच्या सामाईक मालकीची राहते, ती विकता येत नाही, हे कागदावर सगळ्यांना एकदा वाचून दाखवा. पुढं भाव वाढला की कुणाची तरी नजर जातेच.

माळावरचा:
सगळ्यांचे लई आभार. ताईंचा तो खुर्चीचा किस्सा मी काल मीटिंगला जसाच्या तसा वाचून दाखवला, कोपऱ्याचा आग्रह धरणारे गप्प बसले. मधोमध ८ गुंठे मैदान, ओढ्याकडं ४ गुंठ्यांचा झाडांचा पट्टा, असा नकाशा आर्किटेक्टला करायला सांगितलाय, नियमात बसला तर तोच टाकायचा. दहा घरांची दारं मैदानाकडं. त्या दहा प्लॉटसाठी आता चिठ्ठ्या टाकायच्या आहेत कारण सगळ्यांनाच ते पाहिजेत! दुधाचं दूधवाल्यांना पटलंय. आणि घराचा पाया काढायच्या आधी कट्टा बांधायचं ठरलं, बांधावरच्या जुन्या लिंबाखाली, रविवारी सगळ्यांनी यायचं. दोघं भाऊ दगड आणायला एकाच ट्रॅक्टरवर जाणार हायत, तसं त्यांनीच सांगितलं.