गाळ्यावर कोर्टात दावा चालू आहे, खानावळीचं लायसन काढावं का? (भुसावळ)

शेवभाजी_भुसावळ
नमस्कार मंडळी. स्टेशनजवळ एक गाळा बघितलाय. शेवभाजी, भरीत, कळण्याची भाकरी अशी खानावळ टाकायची आहे. गाळा दोन भावांचा. ताबा थोरल्याकडे, तो 11 महिन्यांचा करार करून द्यायला तयार आहे. पण धाकट्याने वाटणीचा दावा टाकलाय, तारखा चालू आहेत. एजंट म्हणतो, 'करार नोटरी करा, दाव्याचं कुठे बोलू नका, लायसन निघून जातं.' मनाला पटत नाहीये. बायकोचे दागिने गहाण ठेवून पैसे उभे करतोय. कुणाला माहिती असेल तर सांगा.

तापीकाठ
भो, अनामत दिली का? नसेल दिली तर थांब.

शेवभाजी_भुसावळ
नाही अजून. रविवारी द्यायचं ठरलंय.

वकीलताई_जळगाव
दादा, एजंट अर्धंच सांगतोय. लायसन निघेल, हे खरं. मालकी कोणाची हे लायसनवालं ऑफिस ठरवत नाही. अन्न परवान्याला जागेच्या ताब्याचा पुरावा मागतात, मालकीचा नाही. शॉप अ‍ॅक्टचं तर 2017 च्या कायद्याने ठरावीक संख्येपेक्षा कमी कामगार असतील तर नोंदणीसुद्धा नाही, नुसती ऑनलाइन सूचना द्यायची. पण उद्या धाकटा भाऊ दारात उभा राहिला तर यातला एकही कागद तुम्हाला वाचवणार नाही.

आधी दाव्याचा नंबर मिळवा आणि निशाणी 5 वर काय हुकूम झालाय ते वाचा. तूर्तातूर्त मनाईचा अर्ज तिथे असतो. 'जैसे थे' किंवा 'त्रयस्थाला ताबा देऊ नये' असं असेल तर हा करारच हुकमाचा भंग. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 39 नियम 2अ खाली मालमत्ता जप्त होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. हुकूम माहीत असून तुम्ही आत शिरलात तर तुम्हालाही कोर्टात खेचतील.

हुकूम नसला तरी दुय्यम निबंधकाकडे (दस्त नोंदणीचं ऑफिस) शोध घ्या. महाराष्ट्रात दाव्याची नोटीस तिथे नोंदवता येते. ती नोंदलेली असेल तर तुमचा करार दाव्याच्या निकालाला बांधला जातो. वाटणीत गाळा धाकट्याकडे गेला तर तुमची भट्टी कुणाच्या जिवावर पेटणार?

मार्ग एकच दिसतो. दोन्ही भावांच्या सह्या, आणि गरज पडली तर त्यांनी कोर्टाची परवानगी घ्यायची. करार नोटरी नको, रजिस्टरच करा, भाडे नियंत्रण कायद्याचं कलम 55 तेच सांगतं. लिव्ह अँड लायसन्स (जागा नुसती वापरायला देण्याचा करार) असेल तर मुदत संपल्यावर जागा सोडावी लागते, हेही धरून चाला.

धुळ्याची_बेकरीवाली
माझी गोष्ट वेगळी, मी आधीपासून भाडेकरू होते आणि वारसांचं भांडण नंतर लागलं. दोघंही म्हणत होते भाडं मला दे. सगळे म्हणाले, निकाल लागेपर्यंत देऊच नका. तसं अजिबात करू नका दादा, थकबाकी झाली की बाहेर काढायला तेच कारण पुरतं. मी वकिलांकरवी अर्ज देऊन भाडं कोर्टात भरलं. दर महिन्याच्या पावत्या आजही जपून ठेवल्यात.

आणि वीज. नवीन मीटरला माझ्याकडे मालकाची ना हरकत मागितली होती. विद्युत कायदा 2003 चं कलम 43 मालक किंवा ताबेदार दोघांनाही वीज मागायचा हक्क देतं. मालक ना हरकत देत नाही एवढ्यावरून वीज नाकारता येत नाही, असं सुप्रीम कोर्टाने 2022 साली सांगितलंय. ते दाखवलं तेव्हा काम झालं. पण माझा ताबा कायदेशीर होता, हे लक्षात घ्या.

शेवभाजी_भुसावळ
आज कोर्टात जाऊन बघितलं. निशाणी 5 वर हुकूम आहे, त्रयस्थाला ताबा देऊ नये असा. थोरल्याला विचारलं तर म्हणे, 'कोण बघतंय?' अनामत दिली नाही. ताई, तुमचे उपकार विसरणार नाही.
जामनेर रोडला वादाबाहेरचा गाळा कुणाच्या पाहण्यात असेल तर कळवा. पाण्याचं कनेक्शन हवं आणि धूर मागून काढता आला पाहिजे.